माझ्या टोपलीतल्या वाती

श्रावण शुद्ध तृतीया, सन १९३७, कारंजा

सेवादास कारभारी रोज संध्याकाळी एका लांबट वहीत आम्हा सगळ्या म्हाताऱ्यांचं लिहितो. माझ्या नावापुढे काय आहे ते जगदेव मास्तरानं चोरून पाहिलं. "गोमतीबाई. भाकर एक. पोट साफ." सत्तरीच्या वर गेले, एक नवरा आणि तीन दीर पोसले, आणि माझं लिहायचं ते एवढंच? म्हणून मास्तरला म्हटलं, माझी वेगळी वही धर. मी सांगते, तू लिही. मला अक्षर येत नाही, पण तोंड आहे.

मास्तर पुरुषांच्या बाजूला राहतो. दम्यानं छाती फुंकणीसारखी वाजते, पण अक्षर मोत्यासारखं आहे, असं तोच सांगतो. मी "मले" म्हणते, तो "मला" लिहितो. भांडण तेवढं जसंच्या तसं ठेवतो. लिहू दे. शाळेत पोरांवर चाललं नाही, ते माझ्यावर चालवतो.

हे अशक्तगृह कापसाच्या जिनवाल्या शेठनं आपल्या आईच्या नावानं बांधलं. जात पाहायची नाही, असं ती माउली मरताना बोलली होती. म्हणून इथे जात पाहत नाहीत, फक्त चुली दोन आहेत.

ज्याच्या हातानं काही होतं, तो ओसरीवर बसतो. रस्ता दिसतो, बैलगाड्या दिसतात, येणारा-जाणारा रामराम करतो. ज्याच्या हातानं काही होत नाही, तो आतल्या खोलीत. तिथे भरवतात, पुसतात, कुशीवर वळवतात. रामीबाई चैत्रात आत गेली आणि वैशाखात तिची खाट धुऊन उन्हात टाकलेली पाहिली.

मी खांबाजवळ बसते. पेठेतल्या देवीच्या देवळासाठी वाती वळते. माझ्यासारखी वात कोणाची नाही. हे मी सांगत नाही, सगळे सांगतात. मास्तर, "सगळे" लिहिलंस ना?

श्रावण शुद्ध अष्टमी

आज एक नवीन बाई आली. हलिमा नाव. मेडशीची पिंजारीण. नवरा गेला, घर पुतण्यांनी घेतलं. बरोबर एक गाठोडं आणि एक मोडकी पिंजण, म्हणजे कापूस पिंजायचं ते मोठं धनुष्य. तिची तात, म्हणजे दोरी, तुटलेली. मी म्हटलं, "हे कायले आणलं वो? कोणाले बाण मारतं?" तर म्हणते कशी, "मोठं वाजे, बाई. आता मीही वाजत नायी, हेही नायी. म्हटलं, दोघी संगच राहू."

ओसरीवरचे सगळे हसले. माझ्या बोलण्यावर हसले नाहीत, तिच्या बोलण्यावर हसले.

सेवादासनं तिला नेमकं माझ्या शेजारी बसवलं. काम दिलं कापूस निवडायचं. सरकी काढायची, काडीकचरा काढायचा, हलका करून त्याच्या वळकट्या, म्हणजे पेळू करायचे. वाती आम्ही वळायच्या. देवीचं काम आहे, ते तिच्या हातून चालणार नाही. हे तिला कोणी सांगितलं नाही, तिला ते येतानाच माहीत होतं.

श्रावण वद्य द्वितीया

कमलीबाई तांड्यावरची आहे. आम्हाला न्हाऊ घालते, वेणी घालते. पाच वर्षं झाली, आधी माझी वेणी, मग बाकीच्यांची. आज आधी हलिमाची.

म्हटलं, "कमली, माये केस गळून गेले का?"

"बुढीमाय, तुये चार केस हायेत. ते कवाही होतात. हिचे पाहाय, कमरेपर्यंत हायेत!"

साठीच्या बाईला कमरेपर्यंत केस कशाला लागतात, हे मला कोणी समजावून सांगावं.

मास्तरही आता दुपारचा पेपर तिच्यापाशी बसून वाचतो. म्हणे तिला ऐकायला आवडतं. मला काय, ऐकू येत नाही?

श्रावण वद्य नवमी

शेठाणी जमनाबाईंनी चातुर्मासात देवीला लक्षवात बोलली आहे. एक लाख वाती. त्यातला आमचा वाटा दहा हजारांचा. आज त्या स्वतः आल्या. सगळ्यांच्या टोपल्यांतून एकेक वात उचलून पाहिली. माझ्या टोपलीतली उचलली आणि उजेडाकडे धरली.

"ही कोणी वळली?"

"मी," मी म्हटलं. माझ्याच टोपलीतली होती.

"अशी वात मी माहेरीही पाहिली नाही. एका अंगाची. नवरात्रातल्या नंदादीपाची वात तुम्हीच करायची, गोमतीबाई."

मी पदर सावरला. हलिमाकडे पाहिलं. ती पेळू करण्यात गुंतली होती. मान वर केली नाही. जळली असणार.

खरं सांगायचं तर ती वात मी वळली तेव्हा जरा जाड वाटली होती. पण बोटांचं काय, सकाळी ती लाकडासारखी असतात. उजव्या हाताची जास्त. शेकल्यावर येतात ताळ्यावर. काल भाकर हातातून दोनदा पडली. स्वयंपाकीण हल्ली भाकरी फार गुळगुळीत करते.

पोळा

बैल सजून गेले. ओसरीवरून पाहिले. हलिमानं शिंगाच्या गोंड्यांसाठी कापूस कसा पिळायचा ते कमलीला दाखवलं. सगळे बघत होते. मी झोपले.

भाद्रपद शुद्ध द्वितीया

माझ्या टोपलीत काहीतरी चाललं आहे.

दुपारी जेवून डोळा लागतो. उठून पाहते तर वाती तितक्याच, पण वेगळ्या. सकाळी मी वळते त्यांना चांगलं अंग असतं, खाऊन-पिऊन असल्यासारखं. उठल्यावर सगळ्या बारीक, कडक, एका मापाच्या.

मला कळलं. ती पिंजारीण माझ्या भरलेल्या वाती काढून घेते आणि तिच्या ठेवते. माझा कापूस चोरते. बारीक वातीत कापूस कमी लागतो, उरलेला गाठोड्यात जातो.

मास्तरला हे सांगितलं तर त्यानं लेखणी उचलून धरली आणि खोकत बसला. खोकून झाल्यावर म्हणाला, "गोमतीबाई, जमनाबाईंनी कोणती वात नावाजली होती? जाड की बारीक?"

मी म्हटलं, तुझं काम लिहायचं. विचारायचं काम मास्तरकी सुटली तेव्हाच सुटलं.

भाद्रपद शुद्ध दशमी

धरली! आज रंगेहात धरली.

जेवून खांबाला टेकले, डोळे मिटले, घोरायचं सोंग केलं. माझं घोरणं कमलीला दोन खोल्या पलीकडे ऐकू जातं, तेव्हा सोंग चांगलं झालं असणार. पापणीच्या फटीतून पाहत होते. सगळी ओसरी लवंडली. मग हलिमानं हळूच माझी टोपली मांडीवर ओढली. एक वात काढली, उलगडली, कापूस नखांनी विंचरला, बोटाला चिमटीभर राख लावली आणि तळहातावर एकदा, फक्त एकदा फिरवली. वात झाली. ती टोपलीत ठेवली. दुसरी काढली.

माझ्या मनात काय आलं ते सांगते. आधी राग आला नाही. आधी असं आलं, की हे हिला एका फिरवणीत कसं येतं? मला तरुणपणीही तीन लागायच्या. मग राग आला. फार आला.

"चोट्टे!" मी ओरडले. "देवीच्या वातीले हात लावून राह्यली! कारभारी! कमले! उठा सगळे!"

सगळे उठले. हलिमाच्या मांडीवर माझी टोपली, बोटांना राख. काय बोलणार?

सेवादास म्हणाला, "काहून केलं हे?"

ती माझ्याकडे पाहत राहिली. मला वाटलं, आता माझ्यावर काही ढकलील. नाही ढकललं. "चुकलं, कारभारी," इतकंच म्हणाली आणि टोपली माझ्यापुढे सरकवली.

मी जिंकले. मास्तर, लिही. काय पाहत बसलास?

भाद्रपद शुद्ध एकादशी

हलिमाला ओसरीवरून काढलं. मागच्या अंगणात जुन्या गाद्या ठेवायची पडवी आहे, तिथे बसून गाद्या उसवायच्या. तिथे रस्ता दिसत नाही. भिंत दिसते.

मग सेवादासनं सगळ्या आठवड्याच्या वाती माझ्यापुढे ओतल्या. म्हणाला, "देवीच्या वाती हायेत, बाई. तुमच्या कोणत्या अन् तिच्या कोणत्या, निवडून द्या. तिच्या चुलीत घालू. तुमच्या देवळात जातील."

त्यात काय अवघड? ज्या सरळ, एका अंगाच्या, टोकाला चिमटीत धरल्यासारख्या, त्या माझ्या. ज्यांचं मध्येच पोट सुटलं, टोक उसवलं, एका बाजूनं ढिल्या, त्या तिच्या. दुपारपर्यंत निवडल्या. माझा ढीग मोठा झाला, तिचा छोटा. तिला निदान इतक्या वाईट वळता याव्यात, हे बघून बरं वाटलं.

मास्तर शेजारी उभा होता. "सगळ्या चांगल्या तुमच्या?"

"मग काय तुझ्या?"

हलिमा आपलं गाठोडं बांधायला आली होती. माझी निवड पाहत थोडा वेळ थांबली. एक छानशी वात मी माझ्या ढिगात ठेवली तेव्हा ती हसली, की खोकली, ते कळलं नाही. जाताना म्हणाली, "बोट शेकत जाय, गोमतीबाई. तिळाच्या तेलानं."

स्वतःचं पाहा म्हणावं.

तिच्या वाती न्हाणीच्या चुलीत गेल्या. माझ्या देवळात गेल्या.

भाद्रपद वद्य पंचमी

ओसरीवर आता शांत आहे. पेपर मोठ्यानं कोणी वाचत नाही. कमली म्हणते, "चांगली करमणूक होती, तुले पाह्यवली नायी."

आज वळलेल्या वाती संध्याकाळी पाहिल्या. त्या चुलीत गेलेल्या वातींच्या सख्ख्या बहिणी.

हलिमा इथे नाही. तिचा हात नाही. मग या आल्या कुठून?

कापूस वाईट आला असणार. मास्तर म्हणाला, गठ्ठा तोच आहे. मी म्हटलं, तुला विचारलं नाही.

भाद्रपद वद्य अष्टमी

नंदादीपाची वात धरली. ही वात म्हणजे खेळ नाही. अडीच हात लांब, नऊ दिवस अखंड जळायची. कुठे गाठ आली की ज्योत फडफडते. कुठे बारीक झाली की तिथेच जीव सोडते. नवरात्रात नंदादीप विझला तर गाव वर्षभर त्याचंच बोलतं.

तीनदा वळली. तीनदा उलगडली. कमली पाहत होती. नेहमीसारखी थट्टा करील म्हणून मी तयार होते. तिनं नुसती माझ्यापुढची कापसाची घाण गोळा केली आणि गेली. कमलीनं थट्टा केली नाही, याचं मला फार भय वाटलं.

भाद्रपद वद्य दशमी

डॉक्टर आला. माझी मूठ मिटायला सांगितली. डावी मिटली. उजवीला मी मनातल्या मनात सांगितलं, बाई, माझी लाज राख. तिनं अर्धी राखली. मग चालायला सांगितलं. उजवा पाय थोडा घासत येतो, हे मला आज त्याच्या तोंडून कळलं.

त्यानं सेवादासला बाजूला नेलं. दोघं बोलता बोलता आतल्या खोलीकडे पाहत होते.

भाद्रपद वद्य द्वादशी

आज मागच्या अंगणात गेले. भिंत धरून गेले. हलिमा गाद्यांच्या ढिगात बसली होती. केसांत, भुवयांत कापूस. मला पाहून फाटक्या गादीवर हात आपटून जागा केली.

मी उभीच राहिले. म्हटलं, "कवापासून माहीत हाये तुले?"

"काय?"

"येड घेऊ नको. माया हात."

"पह्यल्या दिवसापासून. कापूस उचलला का दोन बोटं उचलत होती तू. बाकीची तीन पाहुण्यासारखी बसून राह्यत."

"अन् मले सांगितलं काहून नायी?"

ती गादी उसवत राहिली. मग म्हणाली, "मायी सास तुयासारखीच होती, तिखट. तिचा हात असाच गेला. आमी मोठ्या मायेनं म्हटलं, अम्मा, तू आता काही नको करू, बस. बसली. मंग बसलीच. उठली नायी. आमच्या हातानं बसवली तिले."

"म्हणजे मायी कीव करून राह्यली होती तू?"

"कीव कायची वो? तुले आत नेलं असतं त मले भांडायले कोण होतं? कमली? ते नुसती नाकात बोलते."

मला हसू आलं, ते मी दाबलं. आणि मग सांगायला लाज वाटते, पण वही माझी आहे. मला तिचा पुन्हा हेवा वाटला. केसांचा नव्हे, हाताचाही नव्हे. एवढं करून गप्प बसता येतं, याचा. माझ्या हातून कोणाचं शेरभर भलं झालं असतं तर मी वेशीवर ढोल वाजवला असता.

ती खालच्या आवाजात म्हणाली, "नंदादीपाची वात मी इथं करतो. अंधारात कोणाले दिसत नायी. तू पदराखाली घेऊन जाय. तुया नावानं जाऊ दे. तुयी जागा राह्यते."

मी भिंत धरून परत आले. जागा राहते, हे खरं होतं.

सर्वपित्री अमावास्या

उद्या घट बसणार. जमनाबाई वात घ्यायला आल्या. माझ्या पदराखाली काही नव्हतं.

मी म्हटलं, "शेठाणी, तुम्ही नावाजलेली वात मी नव्हती वळली. हलिमानं वळली होती. निवडून देवळात पाठवल्या त्याही तिच्याच. चुलीत गेल्या त्या माझ्या."

सेवादास पुढे झाला. "बाई, काय बोलून राह्यल्या तुमी?"

"गप रे. माझी बोटं गेली. नंदादीपाची वात हलिमाच करू शकते. तुम्हाला चालत नसेल तर दुसरीकडून आणा, आणि विझली तर मला सांगायला येऊ नका. गादीतला, उशीतला, दिव्यातला कापूस आजवर कोणी पिंजला, हे देवीनं कधी विचारलं का? पिंजाऱ्यानंच ना? मग तळहातावर एकदा फिरवल्यानं काय बिघडतं?"

जमनाबाईंनी पदर कानावर ओढला. ओसरीवर मास्तरची छाती तेवढी वाजत होती.

मग त्या म्हणाल्या, "गोमतीबाई, माझ्या कानांना सकाळपासून दडे बसले आहेत. काही ऐकू येत नाही. वात पहाटे पाहिजे." दोन पायऱ्या उतरून सेवादासकडे वळल्या. "आणि कापसाचं काम करणाऱ्या माणसाला उजेडात बसवत जा."

हलिमा ओसरीवर आली. लांब वातीचं टोक ताणून धरायला दुसरं माणूस लागतं. मी डाव्या हातानं धरलं. दिवेलागणीच्या आत वात झाली. एक गाठ नाही. मी पुष्कळ शोधली.

दसरा

नंदादीप नऊ दिवस हलला नाही. देवळातून खणनारळ आला, माझ्या नावानं. ओसरीवर सगळ्यांदेखत सेवादासनं माझ्या मांडीवर ठेवला. ज्या गोमतीबाईला तो आला, तिचा मला हेवा वाटला.

मी खण हलिमाला दिला. तिनं उलटून पाहिला. म्हणाली, "रंग मेला कोणी निवडला?" आणि घेतला.

सेवादास बाजूला येऊन हळू बोलला, "बाई, डॉक्टरनं सांगितलं होतं. मी सणापर्यंत थांबलो." मी म्हटलं, थांबलास हे चांगलं केलंस. उद्या ने.

आश्विन शुद्ध चतुर्दशी

आतली खोली. चार दिवस झाले.

मला उचलून आणलं नाही. मी चालत आले, कमलीच्या खांद्यावर हात ठेवून. उंबऱ्यापाशी ती नाक ओढत होती. मी म्हटलं, "रडून नको राहू वो. तू रडली का वेणी वाकडी घालतं." खाटेवरून छत दिसतं, एक झरोका दिसतो. भरवायला आली तेव्हा पहिल्या दिवशी मी तोंड फिरवलं. दुसऱ्या दिवशी डाव्या हातानं खाल्लं. अर्धं सांडलं, पण माझं मी सांडलं.

माझी खांबाजवळची जागा हलिमाला दिली. ओसरीवरचं हसणं भिंतीतून ऐकू येतं. शब्द कळत नाहीत, हसणं तेवढं कळतं. तीन दिवस मी ते ऐकत पडले. तिथे ती बसली आहे, तिच्या पुढे रस्ता आहे, तिला सगळे रामराम करतात. मी तिला स्वतः बसवलं आणि स्वतः जळते आहे. मास्तर, हे असंच लिही, नीट करू नको.

आज दुपारी हलिमा कापसाची पाटी घेऊन आत आली. खाटेजवळ बसली, पेळू करायला लागली.

म्हटलं, "इकडं कायले आली? खांब पडला का?"

"तिकडं ऊन लागते."

आश्विनातलं ऊन! मी तिच्याकडे पाहिलं, तिनं कापसाकडे. थोड्या वेळानं कमली तेलाची वाटी घेऊन आली, तिलाही ऊन लागत होतं. मग मास्तर पेपर घेऊन आला. बायकांच्या खोलीत पुरुष बसत नाही, म्हणून उंबऱ्याबाहेर बसून आत वाचायला लागला. पलीकडच्या खाटेवरची म्हातारी महिनाभर बोलली नव्हती. ती म्हणाली, "मोठ्यानं वाच रे."

आणि सगळे माझ्यासाठी आले म्हणावं, तर हसले पुन्हा हलिमाच्याच बोलण्यावर.

मी तिला एकच गोष्ट सांगितली. उजवीकडे बसू नको म्हटलं. त्या बाजूनं तू आली-गेलेली मला समजत नाही. तिनं पाटी उचलली, खाटेला वळसा घातला आणि डावीकडे येऊन बसली.